जांभळाखालचा नागोबा

पहाटे साडेपाचला उठायचं, नवऱ्याला कुशीवर वळवायचं, पाठ पुसायची, पावडर मारायची, मग बगलेत हात घालून उचलायचं आणि चाकाच्या खुर्चीत बसवायचं. दोन वर्षं छाया हे रोज करत होती. वाळला वाळला म्हणता म्हणता गोरक्षचं वजन काही साठ किलोच्या खाली आलं नव्हतं, आणि छायाची कंबर अशी झाली होती की झोपेतसुद्धा ती कुठे आहे ते तिला कळायचं. त्यानंतर चहा, मग मेथीच्या जुड्या बांधणं, मग टेम्पो यायच्या आत झेंडूची पाटी भरणं. दमले म्हणायलासुद्धा फुरसत लागते, आणि ती छायाकडे नव्हती. वय वर्षं सेहेचाळीस, पण आरशात बघायचं तिनं केव्हाच सोडून दिलं होतं.

घर नाशिकला, मखमलाबादच्या रस्त्याला, कालव्याच्या अलीकडे. दीड एकर रान, एक विहीर, विहिरीवर जुनं जांभळाचं झाड. घरात माणसं तीन: छाया, तिचा नवरा गोरक्ष आणि गोरक्षची आई बायडाबाई. मुलगी शुभांगी सिन्नरला दिलेली, आणि या श्रावणात तिला सातवा महिना लागला होता.

आता जांभळाखालच्या त्या कुंड्यांचं सांगायला हवं, नाहीतर पुढचं काही कळायचं नाही.

गोरक्ष फौजेत होता. तोफखान्यात. शेवटची तीन वर्षं पिथौरागडकडच्या डोंगरात काढून नव्वद साली तो हवालदार म्हणून घरी आला. लोक फौजेतून येताना ब्लँकेट आणतात, रेडिओ आणतात, कँटीनची बाटली आणतात. या गृहस्थानं ट्रंकेतून लोकरीचा एक मोजा काढला आणि त्यातून पाच कंद जमिनीवर ओतले. छोट्या बटाट्याएवढे, मातकट, वर एकेक टोक. बायडाबाईंना वाटलं सुरण आहे. एवढ्या लांबून सुरण आणलंस होय रे, म्हणाल्या, आपल्या बाजारात का मिळत नाही?

ते सुरण नव्हतं. तिकडं देवदाराच्या सावलीत उगवणारं झाड होतं, आणि त्याचं फूल म्हणजे हुबेहूब नागाचा फणा. वर झुकलेला, जांभळ्या रेघांचा, मधून जिभेसारखी लांब दोरी बाहेर आलेली. देठावरही सापाच्या अंगासारखे ठिपके. तिथल्या एका साहेबाच्या बंगल्यावर माळीकाम करणाऱ्या म्हाताऱ्याशी गोरक्षची दोस्ती झाली होती, त्यानं हे कंद दिले होते. साहेबाच्या बाईसाहेब त्याला कोब्रा लिली म्हणायच्या. गोरक्षही तेच म्हणायचा, तेवढंच इंग्रजी तो मोठ्या तोऱ्यात बोलायचा.

माळ्याच्या घरात हा प्रकार म्हणजे चेष्टेचाच विषय. या घरानं पिढ्यान् पिढ्या उन्हात पिकणारं पिकवलं. मेथी, कोथिंबीर, झेंडू, शेवंती. ऊन जास्त तर माल चांगला, हे सगळ्यांच्या हाडीमाशी मुरलेलं. आणि हा जांभळाखाली हिरवी जाळी बांधतोय, कुंड्यांत पालापाचोळा नि वाळू कालवतोय, आणि सावलीतलं झाड वाढवायचं म्हणतोय. शेजारची अक्काबाई तर येताजाता विचारायची, काय हवालदार, तुमची बुरशी कुठवर आली?

पहिल्या पावसाळ्यात पाचही उगवले, एकेक पान काढलं आणि दिवाळीच्या आत पिवळे पडून जमिनीत गेले. मार्चमध्ये गोरक्ष देवळालीला पेन्शनच्या कामासाठी आठ-दहा दिवस खेपा घालत होता, तर छायाला कुंड्या कोरड्या ठणठणीत दिसल्या. माळ्याची सून ती. कोरडी कुंडी दिसली की हात आपोआप बादलीकडं जातो. तिनं मनापासून आठवडाभर सकाळ-संध्याकाळ पाणी घातलं. खेपा संपल्यावर गोरक्षनं कुंडीत बोट घातलं, तर दोन कंदांची लापशी झालेली. एका रात्रीत सडतात ते, एकदा सडायला लागले की. छायाला वाटलं, आता हा फौजी आवाज काढणार. पण उरलेल्या तीन कुंड्यांवर त्यानं खडूनं ‘झोपलंय’ असं लिहिलं आणि कुंड्या आडव्या करून ठेवल्या. तिसरा कंद पुढं उन्हाळ्यात वाळून खडा झाला. उरले दोन.

त्या दोघांना त्यानं नऊ वर्षं सांभाळलं. दिवाळी ते मृग पाणी बंद. मृग उलटला तरी घाई करायची नाही, बाकी सगळं रान हिरवं होतं तरी हे झोपलेलंच असतं, आणि माणसाचा धीर सुटायच्या बेताला एक दिवस जमिनीतून भाल्यासारखं टोक वर येतं. छायाला हे सगळं तो रात्रीच्या जेवणाला सांगायचा, आणि ती अर्धं ऐकायची. एक गोष्ट मात्र तिच्या डोक्यात पक्की बसली. तो म्हणाला होता की हे झाड लहान असताना नर असतं. कंदात पुरेसा साठा झाला, अंग भरलं, की एखाद्या वर्षी ते मादी होऊन उगवतं आणि लाल मण्यांचं कणीस धरतं. कणसानं दमलं की पुढच्या वर्षी पुन्हा नर होतं, नाहीतर वर येतच नाही, जमिनीत नुसतं पडून राहतं.

छाया तेव्हा भाकरी थापत होती. ती म्हणाली, “बाईला अशी सोय असती तर मी शुभांगीनंतर दहा वर्षं पुरुषच राहिले असते.”

गोरक्ष इतका हसला की त्याला ठसका लागला. मग त्यानं आणखी एक सांगितलं. फण्यात चिलटं शिरतात. नराच्या फण्याला बुडाशी बारीकशी फट असते, चिलट आत घुसतं, अंगाला पराग माखून त्या फटीतून निसटतं. तेच चिलट मादीच्या फण्यात शिरलं की संपलं, कारण तिच्या फण्याला खाली वाट नसते. आत गेलेलं आतच राहतं. बाईचं असंच असतं, छाया म्हणाली, आणि तवा उतरवला.

गोरक्षला एकच हौस होती, ते लाल कणीस एकदा इथं बघायचं. इथल्या हवेत एकदा कणीस धरलं, बी पडलं, की झाडं नाशिकची झाली, असं तो म्हणायचा. नऊ वर्षं दोन्ही झाडं नरच राहिली. नाशिकच्या उन्हाळ्यात जीव धरायलाच त्यांचा सगळा साठा संपत असावा. आणि नव्व्याण्णव सालच्या माघात गोरक्ष विहिरीवर मोटर चालू करायला गेला नि तिथंच कोसळला. उजवी बाजू गेली, वाचा गेली. उरला डावा हात आणि डोळे.

तेव्हापासून कुंड्या छायाकडं आल्या. बाकी सगळं आलंच होतं, त्यात दोन कुंड्या जास्तीच्या. तिला त्यांचं प्रेम वगैरे काही नव्हतं. पण खडूनं लिहिलेलं पुसट झालं की ती पुन्हा गिरवायची, हे मात्र खरं.

दोन हजार एकच्या उन्हाळ्यात गोरक्षनं अन्न सोडलं. भांडण नाही, त्रागा नाही. घास तोंडाशी नेला की तो मान फिरवायचा. पेज ओठांवरून खाली यायची. डॉक्टरांनी तपासलं, गिळायला अडचण नाही म्हणाले, आणि छायाला बाहेर बोलावून सरळ सांगितलं की माणसानं मनातून सोडून दिलंय, कशात तरी त्याचं मन अडकवा, नाहीतर पावसाळा काढणं कठीण आहे. छाया रिक्षात बसली आणि पंचवटीपर्यंत तिला रडूही आलं नाही. तिच्या मनात आलं, की गेला तर मला झोपता येईल. मग ते मनात आल्याची तिला अशी शरम वाटली की घरी येऊन तिनं त्याचे पाय चेपले, त्याला त्या बाजूचं काही कळत नव्हतं तरी.

जूनच्या शेवटी एका सकाळी तिनं खुर्ची सहज जांभळाखाली नेऊन ठेवली, तिला भांडी घासायची होती म्हणून. थोड्या वेळानं लाकडावर आपटल्याचा आवाज आला. गोरक्ष डाव्या हातानं खुर्चीचा हात बडवत होता. एका कुंडीतून टोक वर आलं होतं, आणि यंदा ते अंगठ्याएवढं जाड होतं.

त्या दिवशी त्यानं अर्धी भाकरी दुधात कुस्करून खाल्ली. दुसऱ्या दिवशी त्याला तिथंच जेवायचं होतं. मग ते ठरूनच गेलं. कुंडीसमोर खुर्ची, खुर्चीत गोरक्ष, आणि छायाच्या हातात ताटली. तो झाडाकडं बघत बघत खायचा, लहान मुलाला काऊ-चिऊ दाखवत भरवतात तसं. आषाढात जाड देठावर फणा उघडला. छायानं गोरक्षच्या डोळ्यांच्या इशाऱ्यावर चिमटीनं फण्याची कड वाकवून आत बघितलं. दोरीच्या बुडाशी हिरव्या मण्यांचा गुच्छ होता. मादी. दुसरी कुंडी नेहमीसारखी नर, बारीक देठाची. जाळीखाली चिलटं कमी, म्हणून छायानं शुभांगीच्या जुन्या रंगपेटीतला ब्रश घेतला, नराचा पराग झाडून मादीच्या मण्यांना लावला. चिलटाचं काम मीच करते आता, तेवढंच राहिलं होतं, असं ती पुटपुटली, तर गोरक्षच्या तोंडाची चांगली बाजू हसली. दोन वर्षांत पहिल्यांदा.

आठवडाभरात मणी फुगले. छायाला आता कळून चुकलं होतं, की हे कणीस लाल होईपर्यंत हा माणूस जगणार. आणि कणसाला काही झालं तर हा पुन्हा मान फिरवणार. ती रोज बाकी काही करायच्या आधी कुंडीकडं नजर टाकायची. दुरूनच, कारण थांबायला वेळ नव्हता.

बायडाबाईंचं वेगळंच चाललं होतं. त्या बाहत्तरच्या, वाकलेल्या, पण सकाळी छायाच्याही आधी उठणाऱ्या. फणा उघडला तेव्हा त्यांनी हात जोडले आणि कपाळ जमिनीला टेकवलं. आपल्या जांभळाखाली नागोबा आला म्हणाल्या. छायानं सांगून पाहिलं की आत्याबाई, ते झाड आहे, आणि म्हातारीनं मान हलवली, झाड तर झाड, देव काय झाडात येत नाय का. छायानं पुढं वाद घातला नाही. म्हातारीची हळदीची दोन बोटं कुंडीला लागली तर लागली.

नागपंचमीच्या आदल्या दिवशी बायडाबाईंनी दरवर्षीप्रमाणं विळी, चाकू, कोयता, खुरपं सगळं गोळा केलं, लुगड्याच्या फडक्यात बांधलं आणि कणगीमागं ठेवून दिलं. पंचमीला चिरायचं नाही, कापायचं नाही, तवा ठेवायचा नाही, जमीन तर अजिबात उकरायची नाही. कुणा शेतकऱ्यानं त्या दिवशी नांगर धरला, फाळाखाली नागिणीची पिल्लं मेली, आणि नागिणीनं त्याच्या लेकराबाळांवर सूड घेतला, ही कहाणी त्या घरातल्या प्रत्येक सुनेनं सासूकडून ऐकलेली. बायडाबाईंनी ती सत्तर वेळा ऐकली-सांगितली असेल, आणि प्रत्येक वेळी पिल्लांपाशी त्यांचा आवाज कापायचा.

चार दिवस झड लागली होती, म्हणून गोरक्षचं जेवण पडवीतूनच कुंडीकडं बघत चाललं होतं. पंचमीला सकाळी नुसती भुरभुर होती. छायानं गोरक्षला खुर्चीत बसवलं, वरून प्लास्टिकचा कागद टाकला आणि जांभळाखाली नेलं. जवळ गेल्यावर तिला वास आला. नासलेल्या दह्याचा. कुंडीच्या कडेनं मुंग्यांची रांग लागलेली. फणा काळा पडून लोंबत होता. तिनं देठाला हात लावला तर बुडाशी बोट आत गेलं.

गोरक्षनं ते पाहिलं. त्यानं खुर्चीचा हात बडवला नाही. नुसता बघत राहिला.

छायानं फणा फाडला. आतून पांढरट, तार सुटलेलं पाणी बाहेर आलं आणि त्याबरोबर काळे पडलेले मणी. दूध होतं ते. शेजारच्या नराच्या फण्याशी वाकून तिनं वास घेतला. तिथंही थोडा वास होता, पण झाड ठणठणीत, कारण त्याला खाली फट होती आणि घातलेलं सगळं निथळून गेलं होतं. मादीला वाट नव्हती, म्हणून जेवढं ओतलं तेवढं तिच्या पोटात राहिलं.

बायडाबाई पूजेचं ताट घेऊन येत होत्या. लाह्या, दूध, आघाडा. सुनेच्या हातातलं फाटलेलं फूल बघून त्या थांबल्या.

“कुणी घातलं हे?” छायानं विचारलं, जरी तिला माहीत होतं.

“मीच,” म्हातारी म्हणाली. “अमावस्येपासून. तू त्याला उठवायच्या आधी, अर्धा अर्धा पेला. त्याची वाचा येऊ दे म्हणलं. जास्त नाय मागितलं.”

छायाच्या मस्तकात तिडीक गेली. तोंडाशी पुष्कळ आलं. अकरा वर्षांचं झाड, आणि तुम्ही. डॉक्टर काय म्हणाले ते तुम्हाला माहीत होतं, आणि तुम्ही. पण ओरडायलासुद्धा अंगात काहीतरी लागतं. ती ओल्या जमिनीवर तिथंच टेकली. खुर्चीतल्या माणसाकडं बघायची तिला भीती वाटत होती. तिनं बरोबर आणलेला चहाचा कप त्याच्या ओठांशी नेला, आणि त्यानं मान फिरवली.

मग तिला दोन कंदांची ती लापशी आठवली. देठ सडला होता, कंदापर्यंत पोचलं होतं का ते उकरल्याशिवाय कळणार नव्हतं. पोचत असेल तर उद्यापर्यंत काही उरणार नाही. आत्ता काढला, सडकं कापून टाकलं, राखेत ठेवून कोरडा केला, तर कदाचित जगेल. तिनं आत्याबाईंकडं चाकू आणि खुरपं मागितलं.

बायडाबाईंनी ताट खाली ठेवलं आणि कुंडीपुढं फतकल मारून बसल्या. आज नाय, म्हणाल्या. उद्या सूर्य उगवायच्या आत काढ, मी स्वतः उठवीन तुला. आज उकरायचं नाय, कापायचं तर नायच. पोरगी दोन जिवांची आहे सिन्नरला, तिची तरी आठवण ठेव.

छाया त्यांना समजावत बसली नाही. तिला शुभांगीची आठवण होती, आणि खरं सांगायचं तर तिच्याही पोटात भीती होतीच. लहानपणापासून ऐकलेलं असं एका सकाळीत जात नाही. पण एका बाजूला नऊ महिने पूर्ण व्हायची वाट बघणारं एक मूल होतं, ज्याला काही झालेलं नव्हतं, आणि दुसऱ्या बाजूला हा माणूस होता, ज्यानं तिच्या डोळ्यांदेखत आत्ता चहा नाकारला होता. तिनं पदर खोचला, म्हातारीला वळसा घालून पलीकडून कुंडीत हात घातला आणि बोटांनी माती उकरायला लागली.

बायडाबाई उठल्या. घरात गेल्या. गेल्या रुसून, छायाच्या मनात आलं, आता दोन दिवस हिचीही मनधरणी. तिनं पिशवीचं प्लास्टिक हाताला गुंडाळून कंद बाहेर काढला. मुठीएवढा झाला होता तो. वरची एक बाजू काळी, पचपचीत, बोटाखाली दबत होती. खालची बाजू अजून घट्ट लागत होती. पण प्लास्टिकमधून खरं काय ते कळत नव्हतं, आणि दातानं तर कापता येत नाही.

म्हातारी परत आली तेव्हा तिच्या हातात चाकू होता. फडक्याची गाठ सोडून आणलेला.

छायानं हात पुढं केला. बायडाबाईंनी चाकू दिला नाही. त्या गुडघ्यांवर हात ठेवत सावकाश खाली बसल्या.

“तू धर, मी कापते,” त्या म्हणाल्या. “नाग लेकरावर सूड घेतो. तुझं लेकरू अजून उभं हाय. माझ्या लेकराचं जे व्हायचं ते होऊन गेलंय. आता तो त्याचं अजून काय करील?”

खुर्चीत गोरक्ष आईकडं बघत होता. छायानं कंद धरला आणि म्हातारीनं चाकू लावला. डोळे मिटून ती तोंडानं नागोबाची माफी मागत होती, पण चाकू सरळ चालला. काळा भाग सुटला, त्याखाली पिवळट लागला, तोही काढला. मग पांढरा, कोरडा, खोबऱ्यासारखा गर दिसायला लागला. त्यांनी डोळे उघडून विचारलं, अजून कापू? छाया म्हणाली, बास. कंद निम्म्याहून कमी उरला होता. तिनं चुलीतली थंड राख पितळी वाटीत घेतली, कंद त्यात घोळवला आणि वाटी गोरक्षच्या मांडीवर ठेवली, डाव्या हाताच्या आत. त्यानं तो हात वाटीवर ठेवला तो दुपारपर्यंत काढला नाही. खाल्लं मात्र काही नाही.

दुपारी शेजारच्या बाया झोके घ्यायला गेल्या. अक्काबाई बोलवायला आली होती, छायानं डोकं दुखतंय सांगितलं. चुलीवर दिंडं उकडत ठेवली होती, पुरणाची, पंचमीला तव्यावरचं चालत नाही म्हणून. छाया चुलीपुढं बसल्या बसल्या पेंगली. जाग आली ती म्हातारीच्या कण्हण्यानं.

बायडाबाई उंबऱ्यात बसून हात चोळत होत्या. दोन्ही पंजे लाल, सुजलेले, बोटं मिटत नव्हती. आग आग होतेय म्हणाल्या. छायाच्या लगेच लक्षात आलं. खाजरा कंद तो, कच्च्या सुरणासारखा, अळूसारखा. त्याचा रस उघड्या हाताला लागला की अशीच आग होते. तिच्या हाताला प्लास्टिक होतं, म्हातारीचे हात उघडे होते, आणि त्या घाईत तिला सांगायचं सुचलं नव्हतं. तिनं चिंचेचा गोळा कोळून आणला आणि सासूचे हात मांडीवर घेऊन चोळायला लागली. आत्याबाई, हे म्हणजे, असं म्हणत ती सांगणारच होती.

पण बायडाबाईंच्या तोंडावर दुखण्याच्या खाली दुसरंच काहीतरी होतं. पुष्कळ दिवसांनी त्या निवांत दिसत होत्या.

“घेतला गं त्यानं सूड,” त्या म्हणाल्या. “माझ्या हातांवरच घेतला. पोरीवर नाय गेला, याच्यावर नाय गेला. लय भ्याले होते मी.”

छायाचे हात थांबले. मग ती पुन्हा चोळायला लागली.

“हो आत्याबाई,” ती म्हणाली. “आता निवला असेल तो.”

सुरणाचं तिनं सांगितलं नाही. म्हातारी आपले सुजलेले हात पुढं धरून अंधार पडेपर्यंत उंबऱ्यात बसून राहिली, येणाऱ्या-जाणाऱ्याला दाखवायचे असल्यासारखी. त्या दिवशी घरात तिघांपैकी सुखी कुणी असेल तर तीच होती.

दिवेलागणीला छायानं एक दिंड तुपात कुस्करलं आणि गोरक्षपुढं बसली. खुर्ची आता पडवीत होती. राखेची वाटी अजून त्याच्या मांडीवर. तिनं घास पुढं केला. त्यानं मान फिरवली नाही, पण तोंडही उघडलं नाही. वाटीवरचा डावा हात उचलून त्यानं तिच्यापुढं धरला आणि चार बोटं उभी केली.

तिला कळेना. चार काय? चार वाजले? चार घास? त्यानं डोळ्यांनी वाटी दाखवली, पुन्हा चार बोटं दाखवली. हात खाली घेईना.

मग तिला कळलं. एवढासा कंद उरलाय. पुढच्या वर्षी आला तर नर येईल, बारीक देठाचा, किंवा येणारही नाही, नुसता पडून राहील. अंग भरायला, मादी व्हायला, कणीस धरायला वेळ लागणार. गोरक्षनं बसल्या जागी दिवसभर त्याचाच हिशेब केला होता. चार वर्षं.

छायाला हुंदका आला. तो आनंदाचा होता, यात शंका नाही. आणि त्याच क्षणी ती धास्तावलीही, कारण चार वर्षं म्हणजे चार वर्षं रोज पहाटे साडेपाच, रोज बगलेत हात घालून उचलणं, रोज पाठ, रोज पावडर. तिनं ते मनातल्या मनात उचलून पाहिलं. तिला वाटलं होतं त्याहून ते जड होतं. गोरक्ष तिच्याकडं बघत होता. तिच्या तोंडावरचं सगळं त्याला दिसत असणार, चोवीस वर्षांचा संसार होता. त्यानं एक बोट मिटलं. तीन.

“राहू दे चार,” छाया म्हणाली. तिनं त्याचं मिटलेलं बोट धरून पुन्हा सरळ केलं. “पण मग नीट खायचं. मला रोज विनवायला लावायचं नाही.”

त्यानं तोंड उघडलं. तिनं घास भरवला, ओठांच्या वाकड्या बाजूनं बाहेर आलेलं तूप पदरानं पुसलं आणि दुसरा घास करायला घेतला.